डाव्या समासातले आकडे

लघुलेखकाने दप्तराच्या नाडीची गाठ आधी नखांनी सोडवून पाहिली आणि मग, कोणी बघत नाही याची खात्री करून, सरळ दातांत धरली. सात वर्षांपूर्वी हे दप्तर ज्याने बांधलं, त्याला ते पुन्हा उघडायची वेळ येईल असं वाटलंच नसावं. गाठीवर गाठ, आणि तिच्यावर आणखी एक.

"दात पडले तर सरकार भरपाई देत नाही हं," मागून आवाज आला.

तो दचकून वळला. रेकॉर्डकीपरबाई हातात कात्री घेऊन उभ्या होत्या. या खोलीत त्यांच्या नकळत झुरळसुद्धा फिरत नाही असं सगळं कार्यालय म्हणायचं, आणि त्यात फारशी अतिशयोक्ती नव्हती.

"कात्री मागायची की. साहेबांनी मागवलंय का हे?"

"हो."

"मूळ कागद? पेपरबुक आहे ना त्यांच्याकडे?"

"आहे. पण मूळही हवेत."

"मग वहीत सही करा. साहेबांकरिता, असं लिहा."

त्याने लिहिलं. अक्षर नेहमीसारखं सरळ आलं याचं त्याचं त्यालाच नवल वाटलं. साहेबांनी काही मागवलं नव्हतं. सव्वीस वर्षांच्या नोकरीत त्याने एक कागद न विचारता या टेबलावरून त्या टेबलावर नेला नव्हता. अंगाने काटकुळा, कानावर कायम पेन्सिल आणि चालणं नाकासमोर. त्यामुळे कार्यालयात त्याचं नाव शिसपेन्सिल पडलं होतं. ते त्याला ठाऊक होतं आणि त्याचा रागही नव्हता. शिसपेन्सिल कधी स्वतःहून काही लिहीत नाही, हेही त्या नावात आलंच.

खिडकीजवळच्या टेबलावर त्याने पानं उलटली. साक्षीदार क्रमांक तीन. पान पहिलं. कोपऱ्यात, डाव्या समासात, बारीक टाइपात आकडे होते: ११.२०. त्याने पान उलटलं. दुसऱ्या पानाच्या समासात, त्याच जागी: १.०५.

म्हणजे ते होते. आपल्याला भास होत नव्हता.

एका बाईची ही साक्ष त्यानेच टाइप केली होती. तेव्हा तो खालच्या न्यायालयात होता. खून खटले चालवणाऱ्या न्यायाधीशांच्या पायाशी, मशीनवर. ज्या जुन्या लघुलेखकाच्या हाताखाली तो शिकला, त्यांची शिस्तच तशी होती. नवं पान लावलं की आधी घड्याळ बघायचं, वेळ समासात टाकायची, मग पुढचं. कोणी सांगितलं म्हणून नाही, कोणी विचारलं तर असावं म्हणून. कोणी कधी विचारलं नाही. पुढे अपील झालं, वरच्या न्यायालयासाठी सगळ्या कागदांची नव्याने टाइप केलेली बांधीव प्रत निघाली. तिलाच पेपरबुक म्हणायचं. ती करणाऱ्यांनी समासातले आकडे काही साक्षीचा भाग नाहीत म्हणून वगळले. त्यांचं चुकलं असंही म्हणता येत नाही. साक्ष म्हणजे काय बोलली बाई ते, घड्याळ नव्हे.

आणि बाई काय बोलली तेही तसं पाहिलं तर बाईचं नव्हतं. न्यायालयात साक्ष कशी तयार होते हे बाहेरच्या माणसाला सांगितलं तर तो डोळे विस्फारतो. वकील विचारतो, "तुम्ही कुठे होतात?" साक्षीदार बाई म्हणते, "घरी. म्हणजे, नाही, जिन्यात. वरून आवाज आला ना." मग न्यायाधीश त्याचं एक नीट वाक्य करून लघुलेखकाला सांगतात: "घटनेच्या वेळी मी घराच्या जिन्यात उभी होते." यात लबाडी काही नाही, कामाची रीत आहे; नाहीतर एकेक साक्ष साक्षीदाराच्या म्हातारपणापर्यंत चालायची. पण रडणं कागदावर येत नाही. पाणी मागितलेलं येत नाही. थांबलेलं येत नाही. आणि वरच्या न्यायालयातले न्यायमूर्ती, ज्यांनी त्या बाईचा चेहराही कधी पाहिलेला नसतो, त्यांनी तोलायचं असतं ते एवढ्या कागदावरच.

खटला साधा होता. म्हणजे कागदावर साधा. एका छापखान्याच्या मालकाचा वरच्या मजल्यावरच्या त्याच्या खोलीत डोक्यात लोखंडी गज घालून खून झाला. त्याच महिन्यात त्याने एका मशीनमनला कामावरून काढलं होतं, आणि त्या मशीनमनने चारचौघांत "बघून घेईन" असं म्हटलं होतं. गज सापडला, पण त्यावर कोणाचे ठसे नव्हते. भांडण होतं, पण भांडणं कोणाची होत नाहीत? बाकी सगळं उभं होतं एका माणसावर. मालकाची धाकटी सून, विधवा, पदरी दोन मुलं. तिने मशीनमनला गज घेऊन जिना उतरताना पाहिलं. मशीनमनला जन्मठेप झाली.

खालच्या न्यायालयातले ते न्यायाधीश एक्सप्रेस साहेब म्हणून प्रसिद्ध होते. कुठल्याच स्टेशनवर थांबायचे नाहीत. पण त्या दिवशी त्यांनाही थांबावं लागलं होतं. नाव, वय, नातं सांगून झालं, आणि सरकारी वकिलांनी विचारलं, "जिन्यात कोणाला पाहिलंत?" बाई गप्प. पुन्हा विचारलं. गप्प. पाणी दिलं, खुर्ची दिली, वकिलांनी समजावलं, साहेबांनी दम दिला. ती कठड्याची लाकडी कड नखाने कुरतडत राहिली आणि मधून मधून मागे तिसऱ्या बाकाकडे बघत राहिली. तिसऱ्या बाकावर तिचा थोरला दीर बसला होता. मालकाचा मोठा मुलगा. छापखाना आता त्याचा, घर त्याचं, आणि तिच्या मुलांच्या शाळेचा खर्चही तोच करत होता.

एकला पाच मिनिटं कमी असताना एक्सप्रेस साहेब कंटाळून दहा मिनिटं आत गेले. काम तहकूब केल्याची नोंद करायला त्यांनी सांगितलं नाही, म्हणून ती झाली नाही. लघुलेखक पाय मोकळे करायला बाहेर गेला. व्हरांड्यात पाण्याच्या कूलरपाशी दीर तिच्या कानाशी वाकून काही बोलत होता. लघुलेखक ग्लास घ्यायला पुढे झाला तेव्हा त्याला चार शब्द ऐकू आले. "मुलांचा विचार कर जरा."

साहेब बाहेर आले. लघुलेखकाने मशीनवर नवं पान लावलं. बाई कठड्यात उभी राहिली आणि दुसऱ्या पानावरची सगळी साक्ष पाच मिनिटांत देऊन मोकळी झाली. सदऱ्याचा रंग, हातातला गज, जिन्यातला दिवा, सगळं.

तो तेव्हा काही बोलला नाही. लघुलेखकाला कोणी विचारत नसतं. घरची माणसं मधल्या वेळात बोलतातच, असं त्याने स्वतःला सांगितलं, आणि ते सांगणं सात वर्षं पुरलंही. मग तो खात्याची परीक्षा देऊन वरच्या न्यायालयात आला, थोरल्या न्यायमूर्तींचा लघुलेखक झाला, आणि तीन आठवड्यांपूर्वी त्याच खटल्याचं पेपरबुक त्याच्या टेबलावर येऊन पडलं. ते उघडताच त्याने आधी साक्षीदार क्रमांक तीनचा डावा समास पाहिला होता; तो कोरा होता.

सुनावणी बुधवारी झाली. दोन न्यायमूर्ती, निकाल लिहायचं काम थोरल्यांकडे. मशीनमनचा वकील तरुण होता, तयारी करून आला होता, पण थोरल्या न्यायमूर्तींनी त्याला धड दोन वाक्यं सलग बोलू दिली नाहीत.

"या बाईनं खोटं का बोलावं? कारण दाखवा."

"साहेब, ती आर्थिकदृष्ट्या दिरावर..."

"ते कागदावर कुठं आहे? उलटतपासणीत विचारलंय?"

वकील पानं चाळत राहिला. सरकारी वकिलांना मात्र साहेबांनी एकच प्रश्न विचारला आणि बसा म्हणाले. निकाल सोमवारी.

बाहेरच्या बाकावर मशीनमनची थोरली बहीण बसली होती. इस्पितळाच्या धुलाईघरात काम करणारी बाई. हात कोपरापर्यंत पांढरेफटक पडलेले. एकही तारीख तिने चुकवली नव्हती, म्हणून शिपाई तिला तारीखबाई म्हणायचे. लघुलेखक तिच्यासमोरून नेहमीसारखा खाली मान घालून गेला. साहेबांनी वकिलाला ज्या तऱ्हेने झोडपलं, त्यावरून निकाल काय लागणार हे त्याला दिसतच होतं. त्या संध्याकाळपासून ते शुक्रवारपर्यंत त्याच्या डोक्यात एकच विचार होता. पाहिलेलं सांगता येत नाही. जे कागदावर नाही ते न्यायमूर्तींच्या कानावर घालणं म्हणजे गुन्हाच. पण समासातले आकडे कागदावर आहेत. एक पान भरायला पावणेदोन तास. ते साहेबांना नुसते दिसले तरी पुरे. साहेब चाणाक्ष आहेत, ओळखतील की बाई अडली होती, आणि मग कोणीतरी तिला पुढे ढकललं होतं.

शुक्रवारी संध्याकाळी त्याने ते दप्तर साहेबांच्या टेबलावर ठेवलं. वर साक्षीदार क्रमांक तीनची पानं, त्यात खुणेची चिठ्ठी.

शनिवारी सकाळी खिडकीच्या काचा पुसता पुसता त्याने बायकोला सगळं सांगितलं. व्हरांड्यातले चार शब्दसुद्धा. सात वर्षांत पहिल्यांदा. ती शिवणाच्या मशीनपाशी बसली होती. तिने पाय थांबवला.

"आणि हे तुम्ही मला आज सांगताय?"

"कामाच्या गोष्टी घरी..."

"कामाच्या गोष्टी! एरवी कुणाच्या डब्यात काय होतं तेही सांगता." तिने सुईतला दोरा ओढून घेतला. "पण एक विचारू? तो दीर काय म्हणाला? मुलांचा विचार कर. मग हे मीही म्हणाले असते. एखादी घाबरून गप्प बसली असेल, खुन्याला घाबरून, तर तिला धीर द्यायला माणूस असंच म्हणेल ना? मुलांचा विचार कर, बोलून टाक, म्हणून."

"तू त्याचा चेहरा पाहिला नाहीस."

"तुम्ही पाहिलात?"

तो काच पुसत राहिला. चेहरा त्याने पाहिला नव्हता. वाकलेली पाठ पाहिली होती आणि मानेवर नुकतेच कापलेले केस. काच केव्हाच स्वच्छ झाली होती.

"कागद ठेवलेत ना त्यांच्यासमोर? मग झालं तर," बायको म्हणाली, आणि मशीन पुन्हा सुरू झालं.

सोमवारी दहाला साहेबांनी त्याला आत बोलावलं. टेबलावर दप्तर उघडं होतं. शेजारी पाठकोऱ्या कागदांची चळत, साहेबांच्या पेन्सिलीतल्या टिपणांनी भरलेली. निकालाची टिपणं ते अशाच कागदांवर काढायचे. चार वर्षांत त्याने असे ढीग पाहिले होते.

"हे मूळ कागद मी मागवले नव्हते," साहेब म्हणाले.

"नाही साहेब."

"मग?"

"मला वाटलं, लागतील."

साहेबांनी चष्म्यावरून त्याच्याकडे पाहिलं. मग त्यांनी ती पाठकोरी चळत उचलली, मधोमध फाडली आणि टोपलीत टाकली.

"बरं केलंत. तीन दिवसांचं काम फुकट गेलं माझं, पण बरं केलंत. बसा, लिहायला घ्या. धाकट्या साहेबांशी काल फोनवर बोललोय, त्यांनाही पटलंय."

लघुलेखक बसला. त्याला हलकं वाटत होतं. वही उघडताना त्याने पहिल्यांदाच साहेबांच्या चेहऱ्याकडे नीट पाहिलं, आणि साहेबांना बोलायचं आहे हे त्याच्या लक्षात आलं. अवघड निकाल सांगायच्या आधी ते असे थोडं बोलायचे. ऐकायला समोर कोणीतरी लागायचं.

"शुक्रवारपर्यंत मी त्या माणसाला सोडणार होतो," साहेब म्हणाले.

लघुलेखकाने वहीवरून मान वर केली नाही.

"पेपरबुकातली ती साक्ष वाचलीत तुम्ही? कुठं अडखळणं नाही, दुरुस्ती नाही. सदऱ्याचा रंग, दिवा, गज, एका दमात. इतकी गुळगुळीत साक्ष मला कधी पचत नाही. पढवलेली वाटते. आणि ती गेली की खटल्यात उरतं काय? एक भांडण. शंकेचा फायदा द्यायला हवाच होता. म्हणून तर त्या वकिलाला एवढं टोचत होतो. म्हटलं, सोडायचं तर आपल्या निकालात भोक राहायला नको."

हे साहेबांचं नेहमीचं होतं. ज्याच्या बाजूने झुकायचे त्यालाच ते जास्त सोलायचे; दुसऱ्याला एक प्रश्न विचारून बसवायचे. चार वर्षं रोज तो हे बघत आला होता. नवे वकील रडकुंडीला येऊन बाहेर पडले की हाच त्यांना सांगायचा, काळजी करू नका, साहेब रागावले म्हणजे काम झालं. बुधवारी मात्र त्याला यातलं काही आठवलं नव्हतं.

"आणि मग हे आकडे दिसले." साहेबांनी समासावर बोट ठेवलं. "अकरा वीस. एक पाच. एका पानाला पावणेदोन तास! मी पंधरा वर्षं खालच्या न्यायालयात काढली आहेत. पढवलेला साक्षीदार किती वेळ घेतो माहितेय? दहा मिनिटं. पोपटासारखा बोलतो आणि उतरतो. ही बाई पावणेदोन तास स्वतःशी झगडत होती. घाबरली असेल, लाजली असेल, काय असेल ते असेल. पण बोलणं इतकं जड गेलेलं माणूस उगाच कोणाला जन्मठेपेत घालत नाही. गुळगुळीतपणा तिचा नव्हताच. तो आपला, न्यायालयाचा. आपणच वाक्यं घासूनपुसून लिहितो." ते खुर्चीत मागे टेकले. "पेपरबुकवर विसंबलो असतो तर एका खऱ्या साक्षीदाराला खोटं ठरवून मोकळा झालो असतो. लिहा. अपील फेटाळण्यात येत आहे, ते शेवटी. आधी घटनाक्रम."

साहेब सांगू लागले. लघुलेखकाचा हात चालत राहिला. सव्वीस वर्षांच्या सवयीचा हात. त्या हाताला लघुलेखकाच्या मनाशी काही देणंघेणं नव्हतं. छापखाना, वरचा मजला, गज, भांडण. दोन परिच्छेद झाले. मशीनमन घरी जायच्या वाटेवर होता, आणि आपण उठून दप्तराची गाठ दातांत धरली. त्याला मोठ्याने रडावंसं वाटलं, आणि हात रेघा ओढत राहिला.

"आता साक्षीदार क्रमांक तीन यांच्या पुराव्याकडे वळू," साहेब म्हणाले.

हात थांबला.

साहेबांनी अर्धा मिनिट वाट पाहिली. "काय झालं? भरभर होतंय का?"

"नाही साहेब."

"मग?"

"ती साक्ष मी टाइप केली होती."

"ठाऊक आहे. पानाखाली तुमची आद्याक्षरं आहेत."

"त्या दिवशी साहेब, मध्ये दहा मिनिटं..."

"थांबा."

आवाज चढला नव्हता, पण साहेबांचा तळहात वर झाला होता. त्यांनी चष्मा काढून टेबलावर ठेवला. उठून दरवाजा आतून नीट लोटला आहे ना पाहिलं आणि परत येऊन बसले.

"कागदावर जे आहे ते तुम्ही मला दाखवू शकता. जे नाही ते मला ऐकता येत नाही. पुढचं एक वाक्य बोललात की हे अपील माझ्याकडून गेलं. दुसऱ्या खंडपीठाकडे, पुन्हा रांगेत. दोन वर्षं धरा. तुम्हाला शपथेवर उभं करतील. सात वर्षं काय करत होतात, हा पहिला प्रश्न असेल. उत्तर आहे?"

"नाही साहेब."

"जे सांगणार आहात ते नक्की काय आहे, याची तरी खात्री आहे?"

शनिवारपर्यंत होती. लघुलेखकाला बायकोने थांबवलेला पाय आठवला.

"नाही," तो म्हणाला.

"तरी बोलायचंय?"

खाली रस्त्यावर कोणीतरी गाडी मागे घेत होतं. तिचा पीं पीं आवाज बराच वेळ येत राहिला. गप्प राहायचं म्हणजे फक्त पेन्सिल पुढे चालवायची. तेवढंच. तेच तो आजवर करत आला होता.

"हो साहेब."

साहेबांनी काही क्षण त्याच्याकडे पाहिलं. रागाने नव्हे, पेपरबुकातलं एखादं अवघड पान दुसऱ्यांदा वाचावं तसं.

"मग मला सांगू नका. त्यांच्या वकिलाला सांगा. आज निकाल होणार नाही असं मी बाहेर कळवतो. धाकट्या साहेबांनाही सांगावं लागेल." मग ते जरा थांबले. "शुक्रवारी मी चुकत होतो की आज चुकत होतो, कोण जाणे. दोन्ही वेळा मला अगदी खात्री होती. वही इथंच ठेवून जा."

त्याने वही ठेवली. उठताना कानावरची पेन्सिल पडली, ती उचलायला साहेब वाकले आणि तोही वाकला. दोघांनी एकमेकांची माफी मागितली.

व्हरांड्यात तारीखबाई बाकाच्या टोकाला बसली होती. मांडीवर कापडी पिशवी. शिपायाने तिला निकाल नाही म्हणून आधीच सांगितलेलं दिसत होतं. ती निघायच्या बेतात होती. लघुलेखक तिच्यासमोर जाऊन उभा राहिला. तिने वर पाहिलं.

"तुम्ही खालच्या कोर्टात होतात ना? मशीनवर?"

"तुम्ही ओळखता मला?"

"न ओळखायला काय झालं? इथं चार वर्षं माझ्यासमोरून खाली मान घालून जाता. मला वाटायचं, टायपिंगचं काम, मानेचं दुखणं असेल." ती हसली नाही. "आज पण नाही म्हणे निकाल. पुढची तारीख कधीची?"

"आता लांबेल. दोन वर्षं तरी."

तिने पिशवीचे बंद हाताभोवती एक वेढा गुंडाळले.

"का?"

"माझ्यामुळे," तो म्हणाला. "मला साक्ष द्यायची आहे. तुमच्या वकिलांचा नंबर हवा होता."

समोरून एक वकील फायलींचा गठ्ठा काखोटीला मारून धावत गेला. ती त्याच्या पाठीकडे बघत राहिली, मग याच्याकडे वळली.

"कोणाच्या बाजूनं?"

त्याने तोंड उघडलं. कूलरपाशी वाकलेली पाठ, चार शब्द. सात वर्षं तो ती धमकीच ऐकत आला होता. आता तेच शब्द त्याने मनात एकदा दरडावून म्हणून पाहिले, एकदा समजूत घालून. दोन्ही सुरांत ते सारखेच खरे वाटत होते.

"ते मला ठाऊक नाही, ताई," तो म्हणाला. "पाहिलं तेवढं सांगणार."

तो जायला वळणार, तेवढ्यात तिने पिशवीतून घडी घालून घालून कापडासारखा मऊ झालेला एक कागद काढला आणि नंबर वाचू लागली. एकेक आकडा, सावकाश. त्याच्याकडे वही नव्हती; त्याने तो तळहातावर पेन्सिलीने लिहायचा प्रयत्न केला, मग फोनवर दाबला.

"वाचून दाखवा."

त्याने वाचून दाखवला.

"आता लावा," ती म्हणाली. "इथंच. माझ्यासमोर."

तो तिच्या शेजारी बाकावर बसला. पलीकडे घंटी वाजायला लागली तेव्हा तिने त्याच्या बाहीची कड दोन बोटांत धरली होती, आणि वकिलाने "हॅलो" म्हटलं तरी सोडली नाही.